स्मृती खाणारी वेल

पावसाळ्याच्या अखेरीस साताऱ्याजवळच्या कास पठारावर गेलेल्या वाचकांनी तिथल्या ओल्या कातळावर निळ्या-जांभळ्या फुलांचे गालिचे पाहिले असतील. त्या इवल्या फुलांना लोकांनी नाव दिले आहे ‘सीतेची आसवे’. नाव ऐकून मन हळवे होते. परंतु वनस्पतिशास्त्रज्ञ सांगतात, की हे रोपटे मांसाहारी आहे. चिखलात, दृष्टीआड, त्याच्या नाजूक पिशव्या दबा धरून असतात आणि एखादा सूक्ष्म जीव जवळ आला, की डोळ्याचे पाते लवण्याच्या आत त्याला गिळून टाकतात. वर आसवे आणि खाली भूक! ज्याने कोणी हे नाव ठेवले, त्याला खालचे काही ठाऊक नसणार. हे वाचल्यापासून मात्र एक विचित्र प्रश्न आमची पाठ सोडीत नाही. जिवांवर पोसणारी वनस्पती आहे. मग आसवांवरच पोसणारी असती तर? माणसांच्या भावना आणि आठवणी हेच जिचे खत, अशी एखादी वेल आपल्या वाडीच्या कडेला उगवली, तर आपण तिच्या मुळाशी काय नेऊन घालू?

कल्पना तशी जुनीच आहे. होमरच्या ‘ओडिसी’त दोन ठिकाणी ती भेटते. लोटस नावाचे मधुर फळ खाऊन ओडिसियसचे सोबती घरची वाट विसरतात आणि त्यांना रडत-ओरडत ओढून गलबतावर आणावे लागते. त्याआधीच्या एका प्रसंगी, युद्धात हरवलेल्यांच्या आठवणीने सारे व्याकूळ झाले असता, हेलन मद्यात इजिप्तहून आणलेली एक औषधी मिसळते. ती प्यायलेल्याच्या डोळ्यांत दिवसभर पाणी येत नाही. त्याच्यादेखत सख्ख्या भावाला मारले तरी नाही. (असे पेय प्यायलेल्या गृहस्थाच्या शेजारी बसण्याचे आम्हांला तरी भय वाटेल.) लिनिअसने १७३७ साली घटपर्णीला ‘नेपेंथिस’ हे नाव दिले, ते या दुःखहारक औषधीवरूनच. आपल्या देशात मेघालयाच्या डोंगरात ती आजही उगवते आणि मुकाट्याने कीटक पचवीत असते. दुःख हरण करणारी म्हणून जिचे नामकरण झाले, तीही अखेर खाणारीच निघाली!

आता आमच्या वेलीकडे वळू. प्रथमदर्शनी तिच्याकडे रांगच लागेल. ज्या मातेचे मूल गेले, ती आपले दुःख घेऊन येईल. पण वेलीला निवड कुठली? दुःखाची मुळे ज्या मायेत रुतली आहेत, ती माया उपटल्याविना दुःख उपटता येईल, असे आम्हांला वाटत नाही. ती माता दोन पावले पुढे येईल आणि माघारी फिरेल, असा आमचा अदमास आहे. जे माघारी फिरणार नाहीत, ते निराळेच असतील. ज्यांच्या हातून काही अपराध घडला आहे, ते.

हे आम्ही नुसत्या तर्काने लिहीत नाही. १९९१ साली आमची आजी वारली, तेव्हा तिच्या सोन्याच्या पाटल्या सापडेनात. तिच्या अखेरच्या दिवसांत उशाशी धाकटे काका असत. मातीहून परतल्यावर, भरल्या ओट्यावर, चार माणसांदेखत वडिलांनी त्यांना चोर म्हटले. काका एक शब्द न बोलता उठून गेले. दोन घरांच्या मधली विहीर एक, पण तिच्यावर येण्याच्या वेळा दोन झाल्या. सहा वर्षांनी आजीची पेटी साफ करताना एका लुगड्याच्या घडीतून पाटल्या निघाल्या. वडिलांनी त्या पाहिल्या, पुन्हा गुंडाळल्या आणि ‘नाताळला जाऊन बोलतो त्याच्याशी’ म्हणाले. कितीतरी नाताळ आले आणि गेले. आम्ही भावंडेही गप्प राहिलो, हे इथे लिहिलेच पाहिजे.

मग ती वेल खरोखरच आमच्या घरी आली. तिचे नाव डॉक्टरांनी स्मृतिभ्रंश असे सांगितले. वडिलांची अलीकडची वर्षे तिने आधी खाल्ली. नंतर ती मागे मागे सरकत गेली. एके सकाळी वडील उठले ते थेट काकांच्या ओट्यावर जाऊन बसले आणि लहानपणीच्या हाकेने त्यांच्याकडे चहा मागू लागले. काकांनी चहा दिला. मग ते रोजचेच झाले. गावाने म्हटले, देवाची करणी, भाऊ एक झाले. एका संध्याकाळी वडिलांना न्यायला आम्ही गेलो, तेव्हा काका हळूच म्हणाले, “हा सुटला रे. पण मी आता माफ कोणाला करू?”

त्या प्रश्नाला आमच्यापाशी आजही उत्तर नाही. अपराधाची स्मृती ही अपराध्याची खासगी मालमत्ता नसते. तिचा निम्मा वाटा ज्याच्यावर अन्याय झाला त्याचा असतो. वेलीने एक वाटा खाल्ला आणि दुसरा काकांच्या एकट्याच्या माथी राहिला. वडिलांना आम्ही दोष देत नाही, आजाराला कोण दोष देईल? परंतु त्याआधीची धडधाकट वर्षे आजाराने खाल्लेली नव्हती.

संत ऑगस्टीन आपल्या ‘कन्फेशन्स’च्या दहाव्या भागात स्मृतीला मनाचे पोट म्हणतो. सुखदुःखे त्यात गोड-कडू घासांसारखी उतरतात. चव राहत नाही, पण अन्न राहते. आणि दान्ते? त्याच्या शुद्धिस्थानाच्या माथ्यावर लीथी नदी वाहते. तिचे पाणी पापाची आठवण धुऊन टाकते. पण त्या पाण्याशी जाण्यापूर्वी बिआत्रिचेसमोर उभे राहून, रडत, त्याला आपला दोष कबूल करावा लागतो. पुढे युनोई नावाचा दुसरा प्रवाह आहे, सत्कृत्यांची आठवण परत देणारा. आधी कबुली, मग विस्मरण, हा त्याचा क्रम आम्हांला फार मोलाचा वाटतो. आम्ही नाताळची वाट पाहत तो उलटा केला.

अलीकडे रक्तदाबावरच्या प्रोप्रॅनोलॉल या औषधाने भयंकर आठवणींची धार बोथट करता येईल काय, याचे प्रयोग झाले. अमेरिकेच्या राष्ट्राध्यक्षांनी नेमलेल्या जैवनीती परिषदेने २००३ च्या अहवालात या प्रश्नाची गंभीर चर्चा केली. अत्याचार सोसलेल्या, रात्ररात्र किंचाळून उठणाऱ्या जिवाला त्याने झोप मिळणार असेल, तर आमची हरकत नाही. जखमी माणसाचे आणि जखम करणाऱ्याचे औषध एक नसावे, एवढेच आम्हांला म्हणायचे आहे.

वडिलांच्या मातीनंतर आठव्या दिवशी आम्ही पाटल्या घेऊन काकांकडे गेलो. त्यांनी त्या हातात घेतल्या नाहीत. “त्याला ठाऊक होते?” एवढेच त्यांनी विचारले. ‘नाही’ म्हणणे सोपे होते. म्हाताऱ्या माणसाला तेवढाच दिलासा मिळाला असता. आम्ही म्हणालो, “होते. आम्हांलाही होते.” काका बराच वेळ विहिरीकडे पाहत राहिले. मग आत वळून काकूंना म्हणाले, “चहा ठेव. ही माझ्या भावाची मुले आली आहेत.”