चढावरची दोन मुलं

सावकाश वाचा. मनासमोर एक उभा चढ आणा. एक पोरगा तो चढतोय. त्याच्या पाठीवर दुसरा, तापानं मलूल झालेला. या आजारी मुलाची आई सायपान बेटावरून परतताना समुद्रातच गेली. त्याला समुद्र पाहायचाय. माथ्यावर पोचलं की तो दिसेल, एवढ्याच आशेवर त्याचा मित्र निघालाय.

हात झुडपाला, पाय ढेकळांत. घसरतो, सावरतो, पुन्हा वर. हे लवकर संपत नाही. कॅमेरा लांब उभा आहे, पुढे होत नाही. तुम्हीही तिथेच, लांब, उभे राहा.

हे दृश्य एका जपानी चित्रपटातलं. हिरोशी शिमिझू यांनी तो १९४८ साली लिहिला आणि दिग्दर्शित केला. ‘हाची नो सू नो कोदोमोताची’, म्हणजे मधमाश्यांच्या पोळ्यातली मुलं. शिमिझू हे प्रख्यात दिग्दर्शक ओझूंचे मित्र, दोघांचा जन्म १९०३चा. दीडशेहून जास्त चित्रपट त्यांच्या नावावर आहेत, तरी ओझूंचं नाव जगभर झालं आणि शिमिझू मागे राहिले.

दुसऱ्या महायुद्धानंतरच्या जपानमध्ये आईबाप गमावलेली कितीतरी पोरं स्टेशनांवर झोपत. १९४८च्या सरकारी मोजणीत सुमारे १ लाख २३ हजार अनाथ मुलं नोंदली गेली. शिमिझूंनी त्यांतल्या काहींना स्वतःकडे ठेवून घेतलं, खाऊपिऊ घातलं. मग त्यांनाच घेऊन, स्टुडिओबाहेर, खऱ्या रस्त्यांवर आणि डोंगरांत हा चित्रपट केला. चित्रपटाच्या सुरुवातीलाच पडद्यावर प्रेक्षकांना विचारलंय, यातलं कुणी तुमच्या ओळखीचं आहे का?

या प्रश्नापाशी जरा थांबा. अंधारात बसलेली एखादी मावशी, एखादा काका. समोरच्या चेहऱ्यांत आपल्या घरचा चेहरा शोधणारे. कथा नंतर, आधी या पोरांचं कुणी उरलंय का, ते शोधायचं.

आता माथ्यावर या. समुद्र दिसतोय. पाठीवरचा मुलगा मात्र काही बोलत नाही. तो वाटेतच गेलाय. इथेही शिमिझू जवळ जात नाहीत. मृत चेहरा आपल्यासमोर धरत नाहीत.

याला कुणी कोरडेपणा म्हणेल. मला ती माया वाटते. ज्यानं या पोरांना रोज जेवू घातलं, त्याला त्यांचं दुःख जवळून दाखवून आपल्याला रडवायची गरज वाटली नाही. कुणाच्या दुःखाला सामोरं जाताना आपण काय करतो, हे मनाशी तपासून पाहा. पाहायला धावतो, की त्याच्यासाठी काही करतो? उत्तराची घाई नको.

शिमिझूंनी या मुलांना नंतरही सोडलं नाही. १९५१ आणि १९५२ साली त्यांना घेऊन त्यांनी आणखी दोन चित्रपट केले.