शब्द फिरवण्याची मुभा

माइक व्हाइट यांनी लिहिलेल्या व दिग्दर्शित केलेल्या ‘द व्हाइट लोटस’ या एचबीओच्या मालिकेचे पहिले पर्व २०२१ मध्ये आले आणि हवाई बेटांवरील एका आलिशान रिसॉर्टमध्ये आठवडाभर उतरलेल्या धनिक पाहुण्यांमधील ताणतणावांची चर्चा सुरू झाली, तेव्हा शेन या नवविवाहिताच्या हट्टाकडे साहजिकच अधिक लक्ष गेले. आरक्षित केलेली नेमकी खोली मिळाली नाही म्हणून तो व्यवस्थापक आर्मंडशी वैर धरतो आणि ते वैर अखेर आर्मंडच्या जिवावर बेतते. परंतु हा संघर्ष उघड असल्यामुळे त्यात दुर्बळ पक्षाला सावध तरी होता येते. प्रेमळपणे वागणाऱ्या पाहुण्यांपासून मात्र कोणी सावध राहत नाही, आणि मालिकेतील सर्वांत गंभीर अन्याय त्यांच्याच हातून घडतो.

आईच्या अस्थी घेऊन आलेली टान्या स्पाची व्यवस्थापक बेलिंडा हिच्या उपचारांनी सावरते आणि तिला स्वतःचे उपचार केंद्र उभारण्यासाठी भांडवल देण्याचे बोलते. बेलिंडा मोठ्या आशेने योजनेचा आराखडा तयार करते. टान्याचे मन तोवर नव्या प्रियकरात गुंतलेले असते आणि शेवटी ती नोटांचे पाकीट बेलिंडाच्या हाती ठेवून निघून जाते. समाजशास्त्रज्ञ आर्ली हॉक्शिल्ड यांनी १९८३ मध्ये ‘भावनिक श्रम’ ही संकल्पना मांडली. नोकरीचा भाग म्हणून स्वतःच्या भावना आवरून समोरच्याला हव्या त्या भावना चेहऱ्यावर आणि वागण्यात राखणे, असा तिचा अर्थ आहे. ज्या बाईची उपजीविकाच अशा श्रमांवर चालते, तिने पाहुणीच्या शब्दाविषयी शंका घेतली असती तर तो उद्धटपणा ठरला असता आणि नंतर त्या शब्दाची आठवण दिली असती तर ती हाव ठरली असती. टान्या दुष्ट नाही, हे मान्य करूनही तिचा दोष कमी होत नाही, कारण शब्द मोडल्याने तिचे काहीच बुडत नाही.

पाहुण्यांपैकीच असलेल्या पॉला या तरुणीची कळकळ तर न्यायासाठी असते. १८९३ मध्ये अमेरिकी व्यापारी आणि बागायतदारांनी, अमेरिकी नौसैनिकांच्या पाठबळावर, राणी लिलिउओकलानी यांची सत्ता उलथवली आणि १८९८ मध्ये हवाई अमेरिकेत विलीन झाले. हॉटेलातील कर्मचारी काई याच्या कुटुंबाच्या जमिनीचे दुःख त्याच इतिहासातून आलेले आहे. ते ऐकून पॉला त्याला पाहुण्यांच्या तिजोरीतील दागिने चोरण्यास उद्युक्त करते. काई पकडला जातो. पॉला ज्या कुटुंबासोबत आली होती, त्याच कुटुंबासोबत सुखरूप परतते. ज्या धोक्याचा वाटा स्वतः उचलायचा नाही, तो दुसऱ्याला सुचवण्याचा अधिकार तिला कोणत्या न्यायाने मिळाला, हे तिने स्वतःला आधी विचारायला हवे होते.

थायलंडमध्ये घडणाऱ्या तिसऱ्या पर्वात, २०२५ मध्ये, बेलिंडा पुन्हा दिसते. तेथील सहकारी पोर्नचाय तिच्यापुढे एकत्र व्यवसाय उभारण्याचा विचार मांडतो. पुढे एका गुपिताबाबत गप्प राहण्याच्या मोबदल्यात तिला पन्नास लाख डॉलर मिळतात आणि परिस्थिती बदलल्याचे सांगून ती त्याला मागे ठेवून जाते. टान्याच्या वागण्याची झळ सोसलेली बाई असे वागते तेव्हा तिच्यावर रागावणे सोपे असले, तरी पोर्नचायजवळही तिला जाब विचारण्याचा कोणताच मार्ग नाही, याकडे दुर्लक्ष करता येणार नाही.