मोहाचे फळ आणि बहिणीचे धैर्य

क्रिस्टिना रोझेटी यांची ‘गॉब्लिन मार्केट’ ही दीर्घकविता १८६२ मध्ये प्रसिद्ध झाली. कवितेतील लॉरा सोनेरी केसांची बट किंमत म्हणून देऊन मायावी फेरीवाल्यांची फळे खाते, आणि मग झुरत जाते. ख्रिस्ती वाचकाला निषिद्ध फळ खाणारी हव्वा आठवणारच. पण इथे हव्वेसारखी हकालपट्टी नाही. बहीण लिझी ओठ घट्ट मिटून फळांचा मारा सोसते आणि अंगावरचा रस लॉराला चाखायला देते. या प्रसंगाचा अर्थ ख्रिस्ताच्या आत्मार्पणाशी आणि प्रभुभोजनाशी जोडला जातो. तोच अर्थ सर्वांत समर्पक वाटतो. वाचवणारा रस त्याच फळांचा असतो, बदलतो तो देणाऱ्याचा हेतू. इच्छा म्हणजेच पाप, असे कविता मानत नाही. रोझेटी स्वतः हायगेट येथील एका आश्रमात ‘पतित’ ठरवलेल्या स्त्रियांसाठी काम करत. त्यांची लॉराही पतित ठरत नाही; ती शेवटी पत्नी आणि आई होते.