संसाराची वाट, तीर्थाची वाट : संत बहिणाबाई



श्रींच्या दर्शनास येणारा प्रत्येक जण नवस फेडावयासच येतो असे नाही. कोणी भावाशी चाललेला वाद गावी ठेवून येतो, कोणी घरातील माणूस गेल्यानंतर प्रथमच उंबरठा ओलांडतो, तर कोणी माऊली लेकीच्या संसाराची काळजी पदरी बांधून दर्शनबारीत उभी असते. अशांनी मोकळ्या मनाने यावे, असे सांगणे सोपे आहे. मन मोकळे व्हावे म्हणूनच तर ते निघालेले असतात. त्यांनी संत बहिणाबाईंचे चरित्र अवश्य ऐकावे. (खानदेशच्या कवयित्री बहिणाबाई चौधरी या निराळ्या. त्या विसाव्या शतकातील. या तुकोबारायांच्या शिष्या.)

वेरूळजवळील देवगाव येथे शके १५५० मध्ये, म्हणजे इ. स. १६२८ च्या सुमारास, आऊजी कुलकर्णी व जानकी या दांपत्याच्या पोटी त्यांचा जन्म झाला. तीन वर्षांच्या असताना शिऊरच्या गंगाधर पाठक या सुमारे तीस वर्षांच्या बिजवराशी त्यांचे लग्न लागले. नऊ वर्षांच्या झाल्या तोच भाऊबंदकीचा तंटा विकोपाला जाऊन सर्व कुटुंबाला गाव सोडावे लागले. आई-वडील, जावई आणि ही पोर, असा हा मेळा गोदातीराने भिक्षा मागत चालू लागला.

त्या वेळी त्यांच्यापैकी कोणी तीर्थयात्रेचा संकल्प सोडला नव्हता. पाठीमागे अपमान होता आणि पुढे उद्याच्या अन्नाची भ्रांत. परंतु त्याच वाटेवर पंढरपूर आले, आणि एरवी घरात राहून कदाचित कधीच न दिसते ते विठ्ठलाचे रूप त्या मुलीच्या दृष्टीस पडले. वाटेत या कुटुंबाच्या झोळीत ज्यांनी मूठभर धान्य घातले, त्यांना आपण कोणाच्या मुखी घास घालतो आहोत याची कल्पना नव्हती. अन्नछत्रास दान देणाऱ्या सज्जनांनी हे जरूर ध्यानी घ्यावे.

अकराव्या वर्षी त्या कोल्हापुरास पोहोचल्या. तेथे दानात मिळालेल्या कपिला गाईचे वासरू त्यांच्या मागेमागे फिरे, कीर्तनासही येई. जयरामस्वामींनी कीर्तनात त्या वासराच्या आणि या बालिकेच्या मस्तकावरून कौतुकाने हात फिरविला. ही वार्ता घरी कळताच पतीने त्यांना केस धरून मारले व बांधून ठेवले. इकडे गाय-वासराने चारापाणी वर्ज्य केले आणि वासराने प्राण सोडला. बहिणाबाई अनेक दिवस निश्चेष्ट पडून होत्या.

पुष्कळ ठिकाणी हा मारहाणीचा प्रसंग सांगताना आवाज खाली येतो, किंवा तो गाळलाच जातो. बहिणाबाईंनी स्वतः आपल्या आत्मचरित्रपर अभंगांतून तो सांगितला आहे. तेव्हा आपण का झाकावा? त्यांची सहनशीलता वंदनीय आहे, पण त्या माराला कोणत्याही शास्त्राने धर्म म्हणू नये. आणखी नवल असे की, ज्या लेखणीने हे सांगितले तिनेच पतीच्या विद्वत्तेचाही आदराने उल्लेख केला. एकाच माणसाविषयी दोन्ही सत्ये सांगण्यास फार मोठे धैर्य लागते.

पुढे कार्तिक वद्य पंचमीस तुकोबांनी स्वप्नात येऊन त्यांना ‘रामकृष्णहरी’ हा मंत्र दिला. ज्यांची पहिली पत्नी आणि पुत्र दुष्काळात गेले, ज्यांनी दुकानाचे दिवाळे पाहिले, असे ते गुरू होते. ब्राह्मण स्त्रीने शूद्र म्हणविणाऱ्या वाण्यास गुरू करावे हे गंगाधरपंतांस असह्य झाले. गर्भवती पत्नीला टाकून, विरक्त होऊन निघून जाण्याचा त्यांनी निश्चय केला. क्रोधाने सोडलेले घर हे वैराग्य नव्हे, हे सांगावयास कोणी शास्त्री नको. बहिणाबाईंपुढे मात्र पेच पडला. वेदाचा अधिकार नाही, पतीसेवा हाच धर्म असे शिकविलेले, आणि अंतःकरण तर विठ्ठलाकडे धावते. दोन्हीपैकी एकही त्यांना सोडवेना.

प्रयाणापूर्वीच पतीस दाहज्वराने ग्रासले. बहिणाबाई अहोरात्र उशाशी बसून होत्या. त्या दुखण्यात गंगाधरपंतांचा ताठा उतरला, पश्चात्ताप झाला, आणि काही काळाने ज्या तुकोबांचे नावही त्यांस सोसवत नव्हते, त्यांच्याच दर्शनासाठी ते पत्नीसह देहूस निघाले.

देहूस पोहोचल्यावर सर्व दुःख सरले, असे कोणी समजू नये. तेथे मंबाजींचा छळ वाट्यास आला. कन्या काशीचा जन्म झाला, तरीही बहिणाबाईंस इतके नैराश्य आले की जीव द्यावा असे वाटू लागले. गुरूंनी दर्शन देऊन त्यांस सावरले, काव्याचे वरदान दिले आणि पुत्र होईल असे सांगितले, अशी त्यांची साक्ष आहे. त्यांच्या अभंगरचनेस सुरुवात झाली ती येथे, तीर्थक्षेत्रातील या काळोख्या दिवसांत.

पुढे पुत्र झाला, त्याचे नाव विठ्ठल. उत्तरायुष्य शिऊर येथे गेले. अंतकाळ जवळ आल्याचे जाणवले तेव्हा हा पुत्र स्वतःच्या पत्नीच्या अंत्यविधीसाठी शुक्लेश्वरी गेला होता. मातेने पत्र पाठवून त्यास बोलावून घेतले. पत्नीवियोगाने खचलेला तो मुलगा उशाशी येऊन बसला, तेव्हा मातेने त्यास आपल्या मागील बारा जन्मांची कथा सांगितली. त्या प्रत्येक जन्मी तू माझाच पुत्र होतास, आणि माझा हा तेरावा जन्म अखेरचा आहे, असे ती म्हणाली. शके १६२२, आश्विन शुद्ध प्रतिपदेस (इ. स. १७००) त्यांनी देह ठेवला. वैजापूर तालुक्यातील शिऊर येथे त्यांची समाधी आहे. वेरूळच्या दर्शनास जाणाऱ्या भाविकांस वाट थोडी वाकडी करून तेथे जाता येते.