विषकन्या आणि विषकुमार

आपल्याकडे विषकन्या आहे, विषकुमार नाही. शब्द घडवणारे बहुधा पुरुषच असावेत!

माताहारी ही पॅरिस गाजवलेली डच नर्तकी. जर्मनांची हेर ठरवून फ्रेंचांनी १९१७ साली तिला गोळ्या घातल्या. पुरावा बेताचाच होता. तिच्या सहवासात रमलेल्या सेनाधिकाऱ्यांवर मात्र खटला झाल्याचे ऐकिवात नाही. अहो, गुपित काही बाईच्या पदरात आपोआप पडत नाही. कोणीतरी टाकावेच लागते!

पुढे पूर्व जर्मनीच्या मार्कुस वोल्फने डाव उलटा टाकला. देखणे गडी पाठवून बॉनच्या सरकारी कचेऱ्यांतल्या सेक्रेटरी बायका गटवल्या. उघडकीला आल्यावर त्यांतल्या कित्येकजणी तुरुंगात गेल्या. म्हणजे भुलवले तरी बाई दोषी, भुलली तरी बाईच!

गुपित देणारा गुन्हेगार, हा न्याय मला मान्य आहे. फक्त १९१७ साली तो कुठे रजेवर गेला होता?