बंद झालेला दावा

जुन्नरहून घोडेगावकडे जाताना ओळखीच्या एका वयोवृद्ध शेतकऱ्यांनी मला थांबवले. सख्ख्या थोरल्या भावाशी बांधावरून त्यांचा दिवाणी दावा चालला होता. वादी असलेले भाऊ वारले. मृत वादीच्या वारसांची नावे ९० दिवसांत दाव्यात लावावी लागतात. ती कोणी लावली नाहीत आणि दावा तेथेच संपला. "फादर, कोर्टानं मला मोकळं केलं. पण बांध मीच कोरला होता, हे आता कोणाला सांगू?" (त्यांची परवानगी घेऊनच हे लिहीत आहे.)

उभ्या उभ्या मला उत्तर देता आले नाही.

न्यायालयाला दोष देण्याचे कारण नाही. जे मागणे पुरे करणेच आता शक्य नाही, त्यावर सुनावणी कसली करायची? ३० ऑगस्ट २०२२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने २००२च्या गुजरात दंगलींविषयीच्या याचिका काळाच्या ओघात निरर्थक झाल्याचे सांगून बंद केल्या. बाबरी मशिदीसंबंधीचा अवमान अर्जही त्याच दिवशी बंद झाला. त्याचे अर्जदार २०१० मध्येच निवर्तले होते. कायद्याच्या दृष्टीने यात गैर काही नसेलही. परंतु निरर्थक झाली ती मागणी. घडून गेलेली गोष्ट नव्हे.

फादर स्टॅन स्वामी यांच्या बाबतीत हे आपण फार जवळून पाहिले. ५ जुलै २०२१ रोजी मुंबई उच्च न्यायालयात त्यांच्या जामिनाची सुनावणी व्हायची होती. तीत न्यायमूर्तींना ऐकावी लागली ती त्यांच्या निधनाची वार्ता. ८४ वर्षांच्या त्या कैद्याला आता कोणता जामीन द्यायचा? तरीही त्यांच्या नावावरील ठपका पुसला जावा म्हणून फादर फ्रेझर मस्करेन्हस यांनी त्याच न्यायालयाचे दार ठोठावले.

आपल्या देशाच्या मुदतीच्या कायद्यानुसार दुसऱ्याच्या जमिनीवर मालकासारखा उघड ताबा १२ वर्षे टिकला, तर मूळ मालकाचा हक्क लोपू शकतो. ताबेदाराची नियत कशी होती, हे तेथे विचारले जात नाही. चर्चच्या कायद्याचे १९८ वे कलम नेमके तेच विचारते. आरंभापासून अखेरपर्यंत सद्भावना नसेल, तर कितीही वर्षे लोटली तरी हक्क मिळत नाही. सेमिनरीत हे कलम पाठ करताना मला ते अतिशय रुक्ष वाटले होते!

पुढच्या फेरीत ते शेतकरी पुन्हा भेटले. वहिनी मंचरला लेकीकडे राहतात. आधी त्यांच्याकडे जावे की आधी मोजणी करावी, असा त्यांचा घोळ चालला होता. मी म्हणालो, "आधी मोजणी करा. किती जमीन परत करायची हे ठाऊक नसताना गेलात, तर त्या 'राहू द्या, भावजी' म्हणतील. आणि तुम्हाला तेच ऐकायचे असेल." ते ओशाळले. काही वेळाने म्हणाले, "खरं आहे."

मोजणीचा अर्ज त्यांनी भूमी अभिलेख कार्यालयात दिला आहे. पावसाळा उलटल्यावर मोजणी व्हायची आहे.