भर दुपारचा शत्रु

(वाचन: नीतिसूत्रें २४:३०-३४, मत्तय २५:१४-३०)



आळशाच्या शेतावरून जातांना नीतिसूत्रकारानें काय पाहिलें, हें पहिल्या वाचनांत सांगितलें आहे. कुंपण ढासळलेलें, जमीन कांट्यांनीं भरलेली. त्या मनुष्यानें कोणाचें पीक कापून नेलें नव्हतें, कोणाच्या गंजीला आग लावली नव्हती. त्यानें कांहींच केलें नव्हतें. परंतु शेतकऱ्यास ठाऊक आहे कीं, हरळी व कुंदा पेरावे लागत नाहींत. शेत नुसतें सोडून दिलें म्हणजे पुरे. आत्म्याचेंही तसेंच आहे.

आळस म्हणजे केवळ हातपाय न हलविणें, असें पुष्कळांस वाटतें. प्राचीन मंडळीच्या वडिलांनीं हें पाप अधिक खोल जाऊन पाहिलें. मिसर देशाच्या अरण्यांत राहणारा एवाग्रियस नांवाचा तपस्वी इ. स. ३९९ मध्यें मरण पावला. मनुष्यास पछाडणाऱ्या आठ दुष्ट विचारांत त्यानें ह्याची गणना केली, आणि ९१ व्या स्तोत्राच्या आधारें त्याला भर दुपारचें भूत म्हटलें. ऊन माथ्यावर येतें, दिवस सरतां सरत नाहीं. तपस्वी वारंवार खिडकीकडे पाहतो. आपली जागा, आपलें काम, सगळ्यांचा त्यास वीट येतो. दुसऱ्या ठिकाणीं गेलों तर देवाची सेवा अधिक चांगली होईल, असें वाटूं लागतें.

ही शिकवण पश्चिमेकडे नेणारा कासियन ह्यानें ५ व्या शतकांत आणखी एक गोष्ट दाखविली: हा शत्रु कधीं कधीं भक्तीचा अंगरखा घालून येतो. नातलगांची विचारपूस करावी, दूरच्या आजाऱ्यास भेटावें, असे चांगले विचार तो मनांत आणतो. हेतु एवढाच कीं, पुढ्यांतलें काम टळावें. म्हणून दिवसभर बाजार, कचेरी व सभा ह्यांत धांवपळ करणारा मनुष्यही आत्म्यानें आळशी असूं शकतो. पुढें १३ व्या शतकांत थोमा अक्विनास ह्यानें ह्या पापाचें स्वरूप सांगितलें: देव जें उत्तम देऊं करितो, त्याचाच मनाला भार वाटूं लागणें, हा खरा आळस.

येथें एक अन्याय टाळला पाहिजे. नांगर धरून थकलेला मनुष्य बाभळीखालीं आडवा झाला, तर तो आळशी नव्हे. विसाव्याचा दिवस देवानेंच नेमिला आहे. एलीया निराश होऊन झुडपाखालीं निजला, तेव्हां देवानें त्यास दटाविलें नाहीं; दूत पाठवून भाकर व पाणी दिलें. पौलानें थेस्सलनीकाकरांस लिहिलेला कडक शब्द काम करण्याची इच्छा नसलेल्यांविषयीं आहे. ज्यांस मजुरी मिळत नाहीं, त्यांच्याविषयीं नाहीं. ज्यांच्या घामावर गांव जेवतें, त्यांनाच आळशी म्हणून हिणविणें, ही खोटी साक्ष होय.

मग आळसाचें मूळ कोठें आहे? दुसऱ्या वाचनांतील तिसरा चाकर पाहा. त्यानें धन्याचें द्रव्य चोरलें नाहीं, दारूंत उडविलें नाहीं, पुरून ठेविलें. कां? धनी कठोर आहे, अशी त्याची समजूत होती. देवाविषयींची चुकीची कल्पना हेंच आळसाचें बीज. देव म्हणजे केवळ हिशेब मागणारा सावकार, असें ज्यास वाटतें त्याचे हात भयानें गळतात. तो आपल्या आनंदांत चाकरांस वांटेकरी करणारा धनी आहे, हें ज्यास समजलें त्याचे हात उठतात.

उपदेशक बंधूंनो, तुमची भर दुपार कोणती हें तुम्ही जाणतां. संध्याकाळच्या प्रार्थनेस चारच माणसें. तेच धडे, तींच गाणीं. वर्षें गेलीं तरी फळ दिसत नाहीं. दुसऱ्या गांवीं बदली झाली तर बरें, असें मन म्हणतें. विल्यम केरी १७९३ मध्यें बंगालांत आला; कृष्ण पाल ह्याचा बाप्तिस्मा झाला तो १८०० च्या डिसेंबरांत. १८०५ मध्यें मराठीचें व्याकरण प्रसिद्ध करणाऱ्या ह्याच केरीच्या श्रीरामपूरच्या छापखान्यास ११ मार्च १८१२ रोजीं आग लागली आणि कित्येक वर्षांच्या श्रमाचीं हस्तलिखितें जळालीं. तो पुन्हां लिहावयास बसला.

उपाय मोठा नाहीं. पळूं नका; नेमलेल्या ठिकाणीं टिका. आज एकच अध्याय मन लावून वाचा, एकाच घराच्या दारीं जा, एकाच मुलास अक्षर शिकवा. प्रार्थनेंत गोडी वाटत नसेल, तर ती न वाटण्याचें दुःखच देवापुढें ठेवा. एवाग्रियसनेंही ह्या रोगावर अश्रूंचा उपाय सांगितला आहे. आणि शेजारच्या बंधूचा दिवा मंद झालेला दिसला, तर त्यास दोष देण्यापूर्वीं त्याच्याजवळ जाऊन बसा.

आपला प्रभु भर दुपारीं थकून शोमरोनांतील विहिरीवर बसला होता. तरी पाणी भरावयास आलेल्या एका स्त्रीशीं बोलण्याचें काम त्यानें पुढें ढकललें नाहीं. ज्या घटकेस शत्रु येतो, त्याच घटकेस तो प्रभुही आपल्याजवळ बसलेला असतो. त्याच्यापाशीं बळ मागूं या, आणि उठूं या. आमेन.